चालता प्रोग्राम मोडणारे गुरू

एकदा एका संगणकगुरूंनी आपल्या लाडक्या शिष्येचा चालता प्रोग्राम मोडला. गोष्ट मिरजेची. शेवडे सर म्हणजे या विद्येतले ज्येष्ठ, आणि हेमांगी त्यांची शिष्या. तिने जनावरांच्या दवाखान्यासाठी प्रोग्राम लिहिला होता आणि दुपारी तो डॉक्टरांच्या हाती पडायचा होता.

तिची रचना खरोखर देखणी! जनावर, औषध, मालक, काहीही निवडायला यादीचा साचा एकच. यादीने स्वतः काही ठरवायचे नाही. निवड झाली की ती आपल्या प्रतिनिधीच्या, म्हणजे पुढचे काम करणाऱ्या भागाच्या, हवाली करायची. फक्त काय दिले ते ती सांगत नसे. 'काहीतरी' आले आहे, घ्या ओळखून!

सरांनी वाचले, "वा!" म्हणाले, आणि 'काहीतरी' पुसून तिथे रिकामी जागा ठेवली. यादी वापरणाऱ्या प्रत्येक भागाने तिथे आपला प्रकार, म्हणजे जनावर की औषध की मालक, आधी लिहावा. आम्ही संगणकवाली मंडळी याला जेनेरिक म्हणतो. क्षणात पडदा लाल चुकांनी भरला.

"अहो सर, चालत होतं ना ते!" हेमांगी रडकुंडीला आली. "आता दुपारी काय तोंड दाखवू?"

"आधी प्रत्येकाचा प्रकार लिही."

ती धुसफुसत लिहीत गेली. इथे औषध, तिथे मालक. लाली ओसरली, पण एक ओळ हटेना. डोस काढणारा भाग जनावराची वाट पाहत होता आणि त्याला जोडली होती मालकांची यादी! ओळख पटली नाही की तो मुकाट्याने, समोर नमुन्याचा बैलच आहे असे धरून चाले. चाचणीतही तिने बैलच घेतला होता, मग कळणार कसे? भरवशाच्या म्हशीला टोणगा, दुसरे काय! वासराला बैलाचा डोस गेला असता.

"अगं," सर हळूच म्हणाले, "काम सोपवणं ही मोठी विद्या, आणि ती तुला साधली आहे. पण काय सोपवतोय ते आधी ठरलेलं हवं. यादी एकच राहू दे, तिच्यातली जागाही रिकामी राहू दे. जो तिच्याशी नातं जोडेल त्याने ती भरावी. मग चूक इथेच, तुझ्यासमोर ओरडते. नाहीतर ती गोठ्यापर्यंत जाते, आणि वासराला बोलता येत नाही."

हेमांगीने डोळे पुसले आणि योग्य यादी जोडली.

दुपारी डॉक्टरांनी पहिली नोंद केली ती एका ताप आलेल्या वासराची. डोस वासराचाच आला. डॉक्टरांना त्यात काही विशेष वाटले नाही. ते सुई भरायला लागले. हेमांगी मात्र त्या आकड्याकडे कितीतरी वेळ पाहत राहिली.