भिवराईची टाकी

फार वर्षांपूर्वीची गोष्ट आहे. किती वर्षं, ते मला विचारू नका. सांगवण गावात विचाराल तर प्रत्येक घरात वेगळा आकडा मिळेल आणि प्रत्येकजण आपलाच खरा म्हणेल. तेव्हा घरोघरी जाती होती. दळून दळून जातं गुळगुळीत झालं की पीठ भरड पडायचं, मग बायका टाकीवालीची वाट बघायच्या. टाकी म्हणजे दगड फोडायची छिन्नी. टाकीवाली यायची, दगडाला पुन्हा बारीक खाचा पाडून द्यायची आणि पुढच्या गावाला जायची.

सांगवणात येणाऱ्या टाकीवालीचं नाव भिवरा. तिचे कान असे, की पहिला घाव पडला की आवाजावरून ती सांगायची, "हितं आतून चीर हाय, जपून फिरवा." तिची टक्‌टक् तीन शेतांपलीकडून ओळखू यायची, असं म्हणतात.

आता सांगवणच्या लोकांची खोड ऐका. कोणी झोपेत बोलू लागलं तर आपण हसतो आणि कूस बदलतो. हे लोक उशाशी जाऊन बसायचे आणि प्रश्न विचारायचे! कारण त्यांना एक गोष्ट माहीत होती. आवाज हवेत विरतो असं आपल्याला वाटतं, पण तो विरत नाही. तो स्वप्नाच्या मुलखात जातो आणि तिथं झाडासारखा उभा राहतो. झोपेत बोलणारा माणूस त्या मुलखात हिंडत असतो. शेळी शेवटची कुठं ओरडली, विळा कुठं खणकन पडला, सगळं त्याला ऐकू येतं. तेव्हा विचारून घ्यायचं. एक-दोन शेळ्या अशा सापडल्याही होत्या, मग काय, गावाला चटकच लागली.

त्या गावात धुरपदाबाईच्या घरी हौसा नावाची नवी सून आली. जागेपणी तिच्या तोंडून शब्द निघत नसे, पण दुपारी डोळा लागला की ती खणखणीत बोलायची. त्या वैशाखात विहिरी आटल्या. धुरपदाबाईनं झोपलेल्या सुनेच्या कानाशी विचारलं, "हौसे, पाणी कुठं हाय गं?"

"चिंचंखाली," हौसा झोपेतच म्हणाली. "खळखळ ऐकू येतीया."

चिंचेखाली खणलं आणि पाणी लागलं. तिथपर्यंत ठीक होतं. पण दुसऱ्या दिवसापासून सगळं गाव ओसरीवर येऊन बसू लागलं. हौसाला झोप यावी म्हणून तिला रोज पोटभर पुरणपोळी चारायचे, आणि डोळा लागला की प्रश्नांची सरबत्ती. म्हैस कुठं गेली, आजोबानं हंडा कुठं पुरला, शेजारीण माझ्या माघारी काय बोलली! तिला हे हवं आहे का, एवढं मात्र कोणी विचारलं नाही. मला तर आजही त्या लोकांचा राग येतो.

एके दिवशी लोक पांगल्यावर धुरपदाबाई खाली वाकली आणि तिनं स्वतःचा प्रश्न विचारला. "हौसे, माझ्याबद्दल तुझ्या मनात काय हाय?" हौसाचे ओठ हलले, पण आवाज आला नाही. जागी झाल्यावरही आला नाही. रडली तीही मुकीच. शिवाय रोज ती आदल्या दिवसापेक्षा जास्त झोपू लागली. आवाज तिकडं अडकला की माणूसही त्याच्या मागोमाग ओढलं जातं, असं म्हणतात. आठव्या दिवशी ती उठलीच नाही.

त्याच दुपारी गल्लीत हाळी आली, "टाकीऽऽ लावायची का, जात्याला टाकीऽऽ!" धुरपदाबाईनं धावत जाऊन भिवराचे पाय धरले. भिवरानं सगळं ऐकलं, हौसाच्या उशाशी जातं आणवलं आणि त्यावर एक घाव घातला. टक्! हौसाची पापणी हलली.

"माझी टाकी तिकडं ऐकू जाती," भिवरा म्हणाली. "मी जाऊन येते." शेजारच्या आळीत निघावं तसं म्हणाली. "फकस्त मला कुणी हाक मारायची न्हाई आन् काय इचारायचं न्हाई. लई झालं तुमचं इचारणं." मग जात्याच्या दगडावर डोकं टेकून, मुठीत टाकी आणि हातोडी धरून ती झोपली.

तिकडं तिला काय दिसलं? गावाचे सगळे प्रश्न दगडी भिंतीसारखे उभे होते, आणि मध्ये कोंडलेला हौसाचा आवाज दमून दमून उत्तरं देत होता. भिवरानं टाकी लावली. म्हशीचा प्रश्न फुटला, हंड्याचा फुटला, शेजारणीचा तर एका घावात फुटला. सासूचा प्रश्न मात्र काही केल्या फुटेना, कारण तो खरा होता. तेव्हा भिवरानं तो सरळ उचलून कमरेला खोचला आणि म्हणाली, "ह्याचं उत्तर घरी जाऊन देऊ."

पण त्या मुलखात कुठलीच जागा मुकी राहत नाही. एक आवाज न्यायचा तर त्याच्या जागी दुसरा ठेवावा लागतो. भिवरानं क्षणभर विचार केला आणि आपल्या टाकीची टक्‌टक् तिथं ठेवली.

उन्हं उतरायच्या आत दोघी जाग्या झाल्या. हौसानं सासूकडं सरळ पाहिलं. "आत्याबाई, मनातलं इचारायचं तर मला जागेपणी इचारा. म्या सांगंन." धुरपदाबाईनं तिथंच विचारलं, आणि हौसानं सांगितलं. काय सांगितलं ते त्या दोघींनाच माहीत, पण दोघी खूप रडल्या आणि नंतर एका ताटात जेवल्या.

भिवरानं जात्यावर टाकी ठेवून घाव घातला. ठिणगी उडाली, आवाज आला नाही. कानावर जगणारी बाई ती! तिनं दगडावर तळवा टेकवला, हातानंच चीर शोधली आणि काम पुरं केलं. पुढं जन्मभर ती तशीच काम करत राहिली, आणि लोक तिला भिवराई म्हणू लागले.

आता सांगवणात पिठाची गिरणी आहे, तरी घरोघरी उशाशी जात्याचा एक दगड असतोच. कोणी झोपेत बोललं तर तिथं कोणी उत्तर देत नाही, प्रश्न तर नाहीच. घरातलं जे जागं असेल ते दगडावर बोटानं दोनदा वाजवतं आणि गप्प बसतं. नवी सून घरात आली की सासू पहिल्याच दिवशी तिला दगडाजवळ बसवते आणि विचारते, "तुझ्या मनात काय हाय?" सून जागी असते, आणि सासूला ऐकावं लागतं.

आणि तुम्हालाही कधी असं स्वप्न पडेल, की ओरडायचंय पण तोंडातून आवाज फुटत नाही. घाबरू नका. कान द्या. लांबून टक्‌टक् ऐकू येईल, तिकडं चालत जा, आवाज सापडेल. भिवराईनं ती त्यासाठीच तिथं ठेवली आहे.