आमचं कुटुंब आणि पाच भाऊ

त्र्यंबकरावांनी मोबाईलवरचा कॅरम विकत घेतला आणि त्यांच्याच फोनवर बायकोने, मालतीबाईंनी, त्यांना तीनदा हरवले. निवृत्त मुख्याध्यापकांचा जळफळाट झाला. खेळ कुटुंबातल्या आणखी पाच जणांना देता येत होता. यांनी पाचही जागा भावांना वाटल्या. असल्या मत्सरी माणसाच्या हाती शाळा दिली होती!

रविवारी पाहुणे आले. "हे आमचं कुटुंब," त्र्यंबकरावांनी जुन्या रीतीने बायकोची ओळख करून दिली.

"अहो, माझ्या फोनवर कॅरम कधी देताय?" मालतीबाईंनी तिथेच विचारले.

"जागा भरल्या. नियमच आहे, फक्त कुटुंबालाच देता येतो," ते मास्तरी आवाजात म्हणाले.

"कुटुंब तर मी! मग त्या पाच भावांशी लग्न कधी केलंत?"

पाहुण्यांचे हसू थांबेपर्यंत धाकट्या भावाचा कॅरम बंद होऊन मालतीबाईंच्या फोनवर सुरू झाला होता.