साळिंदराची टोपली

रानात ढोल्यासुद्धा विकत घ्याव्या लागत, त्या जुन्या काळातली ही गोष्ट.

चिमखी नावाच्या खारीला चिंचेवरची एक ढोली फार आवडली. ती सुतारपक्ष्यानं कोरली होती आणि तिच्या बदल्यात त्याला टोपलीभर चिंचोके हवे होते. चिमखीकडे तेवढे कुठले? मग साळिंदरानं आपली भरलेली टोपली सुतारपक्ष्यापुढे ओतली आणि चिमखीला म्हटलं, "तू मला रोज मूठभर देत जा."

"मूठभरच ना? देईन की!" चिमखी हरखली. कुठवर द्यायचे, हे तिनं विचारलंच नाही.

ढोली उबदार होती. पिल्लं तिथंच वाढली. चिमखीच्या मिशा पिकल्या, तेव्हा एकदा तिनं साळिंदराच्या बिळात सहज डोकावलं. तिच्या चिंचोक्यांनी पुन्हा भरायच्या त्या टोपलीचा तळसुद्धा अजून झाकला नव्हता.

"अहो, मी एक सकाळ चुकवली नाही!" ती म्हणाली.

साळिंदरालाही वाईट वाटलं. "बाई, मुठीतले बहुतेक चिंचोके म्हणजे टोपली भरेपर्यंत माझ्या थांबण्याचं मोल. ते मी खातो. एखादाच टोपलीत पडतो. पण मुठीहून जास्तीचे आणशील, ते सगळे टोपलीतच जातील. विचारलं असतंस, तर तेव्हाच सांगितलं असतं."

त्या वर्षी चिंच लगडली होती. चिमखी लेकरांना घेऊन जास्तीचे चिंचोके वाहत राहिली.

पुढं तिच्या लेकीलाही एक ढोली आवडली. ती आईला घेऊन साळिंदराकडे गेली.

"रोज मूठभरच दे," साळिंदर म्हणाला.

लेकीनं आईच्या पिकल्या मिशांकडे पाहिलं आणि विचारलं, "कुठवर?"