शेंदूर फासलेला मल्लखांब

नदीच्या वळणावर वसलेल्या एका गावात हैबती नावाचा एक साळी राहत होता. लुगडी विणायचा. अंगानं सडपातळ, बोलायला लाजरा, आणि विणकामात म्हणाल तर चारचौघांसारखाच. पण गडी मल्लखांबावर चढला की नुसतं बघत राहावं! गावच्या तालमीत शिसवी लाकडाचा एक जुना मल्लखांब होता. रोज सकाळी त्याला एरंडेल चोळायचं आणि वर चढायचं, हा हैबतीचा नेम. पाय वर, डोकं खाली, नुसत्या मांड्यांच्या पकडीवर लटकून तो दोन्ही हात मोकळे सोडायचा आणि खाली उभ्या असलेल्या गड्यांना विचारायचा, "काय रे, तुम्ही सगळे उलटे का उभे?"

यातून त्याला काही मिळत होतं असं नाही. बक्षीस नाही, बिदागी नाही. कुणी विचारलंच, की बाबा रे, एवढी अंगमोड कशासाठी, तर तो खरोखर विचारात पडायचा. मग म्हणायचा, "भूक चांगली लागते."

आता खरं सांगायचं तर भुकेपेक्षा पुष्कळ काही होतं. तालमीतून निघाला की नदीत डुंबायचा, घरी येऊन भाकरी खायचा आणि मागावर बसायचा. सकाळचा खेळ अंगात असायचाच. हातपाय आपोआप तालात चालायचे, ओठांवर काहीतरी गुणगुणणं असायचं. बायको भागीरथी शेजारी बसून कांड्या भरायची. मधेच त्याला लहर यायची आणि साध्या लुगड्याच्या काठावर तो रुईफुलांची नक्षी काढायचा. "अगं, बघ तरी जरा!" म्हणून तिला हाका मारायचा. ती म्हणायची, "बघितलं हो! गिऱ्हाईकानं साधा काठ सांगितलाय, त्याचं काय?" आणि तीच मग दिवसभर ती नक्षी शेजारणींना दाखवत फिरायची.

तालमीत त्याचा एक जोडीदार होता, कोंडाजी लोहार. देहानं गोल, आणि कौशल्य म्हणाल तर शून्य. दहा वर्षं एकच उडी शिकत होता आणि दहा वर्षं रोज धपकन पडत होता. लोक म्हणायचे, कोंडाजी मल्लखांबावर चढतो तेच मुळी पडायला. पडला की सगळ्यात मोठ्यानं तोच हसायचा. हैबती त्याला हात देऊन उठवायचा, आणि कोंडाजी परत खांबाला मिठी मारायचा.

एका वर्षी नवरात्राच्या तोंडावर एका सरदाराचा मुक्काम गावात पडला. पाटलांनी पाहुणचार म्हणून त्याला हैबतीचा खेळ दाखवला. त्या दिवशी हैबती असा काही खेळला म्हणता! सरदार उठून उभा राहिला. "उभ्या मुलखात असा खेळ पाहिला नाही," असं म्हणून त्यानं स्वतःच्या हातानं हैबतीच्या डोक्यावर जरीची पगडी ठेवली. गावाला काय, आभाळ ठेंगणं झालं. सरदार निघून गेला, पण आठ दिवस गावात दुसरा विषय नव्हता. म्हातारीकोतारी माणसंसुद्धा हैबतीच्या पाया पडू लागली. आधी तो लाजून पाय मागं घ्यायचा. चौथ्या दिवसापासून त्यानं पाय मागं घेणं सोडलं.

खंडेनवमी आली. त्या दिवशी आपल्याकडं हत्यारं-अवजारं पुजतात, तुम्हाला ठाऊकच आहे. तालमीतल्या मल्लखांबालाही दरसाल हळदकुंकू व्हायचं. या वर्षी मात्र पाटील ताटभर शेंदूर घेऊन आले. मागं अख्खा गाव. पाटील म्हणाले, "या खांबानं गावाचं नाव काढलं. हा आता नुसता खांब नाही, साक्षात मारुतीराया आहे. याला शेंदूर लावायचा, वर छप्पर घालायचं, आणि हैबतीनं याची पूजा करायची. पुजारी तोच!"

लोकांनी जयजयकार केला. एकट्या कोंडाजीच्या कपाळाला आठ्या पडल्या. तो पुढं होऊन म्हणाला, "पाटील, शेंदूर लावला की हा देव झाला. मग उद्या सकाळी याला पाय कुठं लावायचा?"

"देवाला पाय लावतोस?" पाटील कडाडले.

"मी पण आज घण पुजलाय. पण सण झाला की उचलणार आहे. घण देव्हाऱ्यात ठेवला तर फाळ कशानं ठोकू? पाटील, खांबाचं पण तसंच आहे."

गर्दीत कुजबुज झाली. बोलणं काही जणांना पटत होतं, पण पाटलांपुढं बोलायचं कुणी? सगळ्यांनी हैबतीकडं पाहिलं. खेळ त्याचा, मान त्याचा. तो 'नको' म्हणाला असता तर पाटलांना ऐकावंच लागलं असतं. कोंडाजी त्याला म्हणाला, "हैबती, बोल ना रे!"

हैबतीनं खांबाकडं पाहिलं. मग समोर हात जोडून उभ्या असलेल्या माणसांकडं पाहिलं. डोक्यावर जरीची पगडी होती. तो काहीच बोलला नाही. पाटलांनी मूठभर शेंदूर तेलात कालवला आणि खांबाला फासला.

झालं! दुसऱ्या दिवसापासून तालमीत घंटा वाजू लागली. खांबावर छप्पर आलं, भोवती कठडा आला. तालमीतले गडी चार दिवस येऊन बाहेरून नमस्कार करून गेले आणि मग हळूहळू यायचे थांबले. हैबती मात्र रोज सकाळी यायचा. पूर्वीसारखंच तेल आणायचा, पण ते शेंदरात कालवायला. आदल्या दिवशीच्या थरावर नवा थर द्यायचा, फुलं वाहायचा, नारळ फोडायचा आणि पाटावर बसून राहायचा. लोक यायचे, पाया पडायचे, नवस बोलायचे. कुणाची म्हैस आटली, कुणाच्या मुलीचं लग्न जमेना, सगळ्यांची गाऱ्हाणी तो मान डोलवत ऐकायचा. नैवेद्य इतका यायचा की घरी चूल पेटवायची गरज पडेना.

मग मागाचंही तेच झालं. लोक म्हणाले, "पुजारीबुवांनी आता लुगडी विणायची? शोभत नाही." हैबतीलाही ते पटलं. खरं म्हणजे हल्ली मागावर बसलं की त्याचे पाय जड व्हायचे, तासाभरात जांभया यायच्या. त्यानं माग झाकून ठेवला. भागीरथीनं थोडे दिवस कांड्या भरल्या, मग तीही थांबली.

एकदा जेवताना ती म्हणाली, "पूर्वी तुम्ही माझ्याशी भांडायचात तरी. आता काहीही म्हटलं की नुसतं 'बरं बरं' करता."

"बरं," हैबती म्हणाला, आणि पान सोडून उठला. त्याला भूकच नव्हती.

इकडं कोंडाजीनं काय केलं? गप्प बसेल तो कोंडाजी कसला! त्यानं भात्यामागच्या मोकळ्या जागेत बाभळीचं एक खोड पुरलं. वाकडंतिकडं, गाठीगाठींचं. तासून तासून जमेल तेवढं गुळगुळीत केलं, एरंडेल चोळलं, आणि आपला पडायचा कार्यक्रम पुन्हा सुरू केला. सकाळी हैबती पूजेला निघाला की वाट लोहारवाड्यावरूनच जायची. कोंडाजी खांबावरून ओरडायचा, "ये रे हैबती! एकच चढण चढून जा!"

हैबती म्हणायचा, "आज नको, पूजेला उशीर होतोय." कधी म्हणायचा, "श्रावण संपू दे." कधी म्हणायचा, "अरे, लोक बघतील. पुजारी माणूस मी, वाकड्या खोडावर लोंबकळताना बरा दिसेन का?" कोंडाजी म्हणायचा, "मी रोज कुठं बरा दिसतो?" आणि हैबती हसून पुढं जायचा. मनात म्हणायचा, जाईन एक दिवस. खेळ काय पळून जातोय! अंगात मुरलेला आहे तो.

असं म्हणता म्हणता वीस वर्षं गेली. हो, वीस! कुणाची कशी जातात, आणि कुणाची कशी.

एका सकाळी हैबती नेहमीसारखा निघाला. कोंडाजी भात्यामागं खांबावर होता. केस पांढरे झालेले, पोट तसंच. त्यानं जी उडी तीस वर्षं साधली नव्हती, ती मारली. आणि काय नवल, त्या दिवशी साधली! कोंडाजी क्षणभर खांबाच्या टोकावर स्थिर बसला. बघायला रस्त्यावरच्या हैबतीशिवाय कुणी नव्हतं. आपण चुकून बसलो की काय, असं त्याच्या तोंडावर दिसत होतं. मग तो असा काही आरडाओरडा करू लागला की घरातून त्याची बायको लाटणं घेऊनच धावत आली. "साधलं! अगं, साधलं मला!" म्हणत तो रडत होता, हसत होता.

हैबती पूजेचं ताट घेऊन रस्त्यातच थबकला होता. इतक्या नवसांचे, इतक्या नारळांचे दिवस गेले, पण असं ओरडावं असा एकही दिवस त्याला आठवेना. त्यानं ताट ओट्यावर ठेवलं. पगडी काढली, सदरा काढला, आणि वाकड्या खांबापाशी येऊन म्हणाला, "कोंडाजी, उतर. मला चढू दे."

कोंडाजीचा आनंद काय विचारता! त्यानं स्वतः खांब पुसला. हैबतीनं खांबाला मिठी मारली, मांड्या आवळल्या, जोर केला. हातभर वर गेला आणि घसरला. पुन्हा चढला, पुन्हा घसरला. तिसऱ्या खेपेला पाय खांबाला धरेचनात. डोक्याला सगळं आठवत होतं. कुठला हात आधी, कुठला पाय नंतर, मान कुठं वळवायची, सगळं. पण अंग ऐकत नव्हतं. तो खांबाच्या बुडाशी बसला आणि मोठ्यानं रडू लागला.

"मला वाटलं होतं खेळ माझ्याजवळ आहे," तो म्हणाला. "मी तो वीस वर्षं सांभाळला रे."

कोंडाजीच्या मनात खूप आलं, पण तो एवढंच म्हणाला, "उद्या पण ये."

हैबती घरी गेला. मागावरचं कापड काढलं. दोऱ्यांना कसर लागली होती, मागाचे खिळे गंजले होते. भागीरथीनं विचारलं, "काय शोधताय?" तो म्हणाला, "काही नाही गं. रुईफुलांची नक्षी कशी काढायचो, ते आठवत नाही." ती जवळ येऊन बसली. तिलाही आठवत नव्हतं.

त्या वर्षीच्या खंडेनवमीला गाव जमलं. आता पाटील म्हणजे जुन्या पाटलांचा मुलगा. शेंदराचं ताट पुढं आलं, तसा हैबती उठून उभा राहिला. हात जोडून म्हणाला, "गावकरी हो, एक मागणं आहे. हा शेंदूर खरवडून काढू या. कठडा मोडू या. हा खेळायचा खांब आहे, तुमच्या पोरापोरींना यावर चढू द्या. माझं चुकलं. मी तेव्हाच बोलायला हवं होतं."

लोक एकमेकांकडं बघू लागले. निम्म्या लोकांचा जन्म तर शेंदूर लागल्यानंतरचा. त्यांनी त्या खांबावर माणूस चढलेला पाहिलाच नव्हता. एक बाई म्हणाली, "अगं बाई, देवाला खरवडा म्हणतात!" कुणी म्हणालं, "पुजारीबुवांचं वय झालं." हैबतीनं परत सांगितलं, समजावलं, शपथा घातल्या, शेवटी पाटलाचे पाय धरले. वीस वर्षांपूर्वी ज्याचं नुसतं 'नको' पुरलं असतं, त्याचं आता कुणी ऐकेना. पाटलानं त्याला हळूच बाजूला केलं, दुसरा पुजारी नेमला, आणि त्या नव्या माणसानं मूठभर शेंदूर कालवून खांबाला फासला.

हैबती आणि कोंडाजी तिथून निघाले. भात्यामागं आल्यावर कोंडाजीला राहवलं नाही. इतकी वर्षं जे विचारायचं त्यानं टाळलं होतं, ते विचारलं, "हैबती, खरं सांग. त्या दिवशी तू गप्प का राहिलास रे?"

हैबती म्हणाला, "लोक माझ्या पाया पडत होते, कोंडाजी. फार बरं वाटत होतं."



तात्पर्य: ज्या खेळात, ज्या कामात आपला जीव रमतो, ते रोज स्वतःच्या हातापायांनी करत राहावं. त्याची नुसती पूजा मांडून बसणाऱ्याला मान मिळतो, पण जगण्यातली गोडी जाते, आणि ती गेलेली पुष्कळ उशिरा कळते.