करंजीच्या पाठीवरचं भोक

भांडीकुंडी बोलायची तेव्हाची गोष्ट. मृदुलाकाकूंनी चीज आणि मक्याचं सारण भरून करंज्या केल्या, पण तळायच्या सोडून ओव्हनच्या ट्रेमध्ये मांडल्या. मग काकू काट्याने प्रत्येकीच्या पाठीला भोक पाडू लागल्या.

कढईचा जीव वरखाली झाला. "अहो काकू, भोक पडलं की करंजी संपली. सगळं सारण तेलात जातं. जन्मभर हेच बघतेय मी."

"इथे तेल कुठंय?" म्हणत काकूंनी ओव्हनचं दार लावलं.

आत करंज्यांच्या पोटात वाफ कोंडली, कडा ताणल्या. आता फुटणार, असं वाटत असतानाच भोकातून वाफ सुस्कारा टाकत बाहेर पडली.

खरपूस करंज्या बाहेर आल्या तेव्हा कढईने घाबरतच विचारलं, "सारण?"

"आहे की," एक करंजी म्हणाली. "गेली ती नुसती वाफ."