म्हादबानं सामना ऐकला

एका गावात एक भोळा कुंभार होता, आणि तो भोळा आहे हे त्या गावात त्याला एकट्यालाच ठाऊक नव्हतं. नाव म्हादबा. हाताला असं कसब, की त्याच्या माठातलं पाणी प्यायला लोक वाट वाकडी करून येत. डोक्याचं मात्र असं होतं, की सांगितलेलं काम तो सांगितलं तस्संच करायचा. एक अक्षर कमी नाही, एक अक्षर जास्त नाही. शिवाय एकदा सांगितलेलं कधी विसरायचा नाही. सगळा घोळ तिथंच होता.

बायको सगुणा. एकुलती एक लेक वैजयंता, घरात वैजू. वाळत ठेवलेल्या माठांवर कावळे बसत. त्यांना ढेकळं मारून हाकलता हाकलता वैजूचा नेम इतका पक्का झाला, की शाळेतून तालुक्याला, तालुक्यातून जिल्ह्याला करत ती थेट राज्याच्या बेसबॉल संघात गेली. हा खेळ गावात कुणी पाहिला नव्हता. निघायच्या दिवशी वैजूनं आबाला समजावून सांगितलं. मैदानाला चार कोपरे, त्यांना बेस म्हणायचं. एका कोपऱ्यात उभं राहून चेंडू मारायचा, मग पळत सुटायचं, बाकीचे तीन कोपरे शिवायचे आणि निघालो तिथंच परत यायचं. त्या कोपऱ्याला म्हणायचं घर. घरी आलं की एक धाव.

म्हादबानं मातीच्या हातानं डोकं खाजवलं.

"परत घरीच यायचं, तर निघायचं कशाला?" त्यानं विचारलं.

वैजूनं हसून पिशवी खांद्याला लावली. ती स्पर्धेसाठी पंजाबला गेली.

स्पर्धा चार दिवसांची होती. पहिल्या सामन्याच्या आदल्या दिवशी वैजूचा सगुणाच्या बटणांच्या मोबाइलवर फोन आला. तिकडं सगळ्या पोरींचं कुणी ना कुणी ओरडायला आलं होतं, बाप नाहीतर भाऊ. हिचं कुणीच नव्हतं. पण जिल्ह्याच्या रेडिओचा एक माणूस संघाबरोबर आला होता आणि तो सगळा खेळ चालू असतानाच मराठीतून सांगणार होता.

"आबा, तुम्ही तिकडं बसून ऐकताय एवढं मला ठाऊक असलं, तरी माझे पाय जोरात पळतील," वैजू म्हणाली. "अवघड काही नाही. सकाळी दहाला स्टेशन पकडा आणि काटा नव्वद पॉइंट चारवर आणा."

म्हादबाचा ऊर भरून आला. पोरीनं आजवर काही मागितलं नव्हतं. तो पहाटेच उठला, सातची एसटी धरली आणि तालुक्याच्या गावी रेल्वे स्टेशनवर जाऊन उतरला. तिथं मालाच्या खोलीपाशी एक लोखंडी खांब होता. त्यानं एका हातानं तो खांब घट्ट पकडला. स्टेशन झालं. काटाही शेजारीच होता, पोती तोलायचा. म्हादबा त्यावर उभा राहिला. काटा बावन्नवर गेला.

पुढं कसं करावं याच्या विवंचनेत असताना एक शेतकरी कांद्याचं पोतं घेऊन आला. म्हादबानं त्याला विनवलं. त्या भल्या माणसानं पोतं म्हादबाच्या पाठीवर दिलं. काटा सत्त्याऐंशीवर. मग त्यानं दोन भोपळे म्हादबाच्या काखेत खोचले. काटा नव्वदवर. वरच्या पॉइंट चारासाठी मूठभर कांदे खिशात टाकले आणि मगच काम चोख झालं.

दहा वाजले. म्हादबानं कान टवकारले. डोक्यावरच्या कर्ण्यातून एक बाई बोलली, गाडी चाळीस मिनिटं उशिरानं धावत आहे. म्हादबा एक वाजेपर्यंत तसाच उभा राहिला. संध्याकाळी मोडलेल्या कमरेनं घरी आला आणि सगुणाला म्हणाला, "ऐकलं बाई एकदाचं. वैजू धावतीया, पण चाळीस मिनिटं उशिरानं."

सगुणानं कपाळाला हात लावला. तेवढ्यात वैजूचा फोन आला. सामना जिंकला होता. आबांनी ऐकलं का, हे तिनं तीनदा विचारलं आणि सगुणानं तीनदा विषय बदलला. फोन ठेवल्यावर तिनं फळीवरचा रेडिओ काढून नवऱ्यापुढं आदळला.

"अवो, स्टेशन ह्याच्यात असतंय. ह्यो आपला घरात बसल्या बसल्या ऐकायचा. खरखर व्हायला लागली की ह्याचा कान धरायचा आन् हळूहळू पिळायचा. आवाज साफ येईस्तवर पिळत ऱ्हायचा."

"एवढंच व्हय," म्हादबा म्हणाला. "आता ध्यानात ठेवतो."

आणि त्यानं ध्यानात ठेवलं.

दुसरा सामना नेमका रेडिओवर नव्हता. तो फक्त मोबाइलवर ऐकू येणार होता आणि तसला मोबाइल होता इंगवले गुरुजींकडं. गुरुजी तीस वर्षं शाळेत शिकवून निवृत्त झालेले. खडूच्या धुळीनं त्यांचा घसा कायमचा धरला होता. पण माणूस हौशी. त्यांनी म्हादबाला ओसरीवर शेजारी बसवून घेतलं, मोबाइल मध्ये ठेवला, सामना लावला. आवाज खणखणीत येत होता. वैजूचं नावही आलं. म्हादबाच्या अंगावर काटा उभा राहिला.

इतक्यात गुरुजींच्या घशात खरखर सुरू झाली.

म्हादबानं लगेच गुरुजींचा कान धरला आणि हळूहळू पिळला. या बाजूला पिळला, त्या बाजूला पिळला. खरखर वाढली, तसा त्यानं आणखी पिळला. तीस वर्षं अख्ख्या गावाचे कान पिळणाऱ्या माणसाचा कान आज पहिल्यांदाच कुणी पिळत होतं. गुरुजींना आधी काही सुचेचना. सुचलं तेव्हा त्यांनी मोबाइल उचलला, आत गेले आणि दार लावून घेतलं.

तो सामनाही वैजूच्या संघानं जिंकला. संध्याकाळी तिनं फोनवर विचारलं, आबांनी ऐकलं का. सगुणा म्हणाली, रेंज नव्हती गं. मग नवऱ्याकडं वळून म्हणाली, "माणसाच्या घशात खरखर झाली तर कान पिळत्यात व्हय? मिठाचं कोमट पाणी द्यायचं, गुळण्या कराय. घसा मोकळा झाला की अडकलेला आवाज आपसूक सुटतोय."

"एवढंच व्हय. आता ध्यानात ठेवतो."

तिसऱ्या दिवशी उपांत्य सामना, तोही मोबाइलवरच. सगुणा स्वतः गुरुजींच्या पाया पडली. गुरुजी मनानं मोठे, त्यांनी सामना लावून मोबाइल तिच्या हातात दिला. स्वतः मात्र आले नाहीत. दोन्ही कानांवरून मफलर गुंडाळून घरीच बसले.

म्हादबा मोबाइल समोर ठेवून मांडी घालून बसला. सगुणा भाकऱ्या थापायला आत गेली. सामना रंगला. रेडिओचा माणूस सांगत होता, वैजयंतानं बॅट उचलली, चेंडू मारला, चेंडू उंच गेला, उंच, उंच, उंच. आणि आवाज अडकला. मोबाइलच्या काचेवर एक बारीकसं चाक गरगर फिरायला लागलं.

आता फिरणारं चाक ही म्हादबाच्या घरचीच गोष्ट. चाक फिरतंय आणि त्यावर पाण्याचा थेंब नाही, हे कुठल्याही कुंभाराला बघवत नाही. शिवाय आवाजही अडकलेला. म्हादबानं मीठ घातलेलं कोमट पाणी वाडग्यात घेतलं आणि गुरुजींचा मोबाइल त्यात बुडवला. मोबाइलनं एकदाच गुळ् असा आवाज केला.

"शाब्बास," म्हादबा म्हणाला. "आता थुंक."

मोबाइल थुंकला नाही, आणि पुन्हा कधी बोललाही नाही.

संध्याकाळी वैजूचा फोन आला तेव्हा सगुणाला खोटं बोलवेना. तिनं सगळं सांगून टाकलं, काटा, कान आणि गुळण्याही. पलीकडं वैजू आधी पोट धरून हसली. मग म्हणाली, "आई, उद्या शेवटचा सामना आहे. तेवढा तरी आबांनी ऐकावा. हरले तरी चालेल मला, पण त्यांनी ऐकावा."

ते ऐकून म्हादबा कोपऱ्यात जाऊन बसला. त्याला जेवण गेलं नाही. सगुणाचा राग कुठल्या कुठं पळाला. तिनं त्याच्या पाठीवर हात ठेवला.

"उद्या कशालाच हात लावू नगा. म्होरं बसायचं, आन् रेडिओवरला माणूस सांगंल ते ऐकायचं. दुसरं काय न्हाई."

"सांगंल ते ऐकतो," म्हादबा म्हणाला. "आता ध्यानात ठेवतो."

शेवटचा सामना पंजाबशी होता, आणि तो रेडिओवर होता. साऱ्या गावाला ऐकू जावा म्हणून पारावर रेडिओ ठेवून त्याला देवळाचा कर्णा जोडला. सगळं गाव जमलं. सगुणानं घराला कुलूप लावून किल्ली म्हादबाच्या बंडीच्या खिशात टाकली आणि त्याला सगळ्यांच्या पुढं बसवलं. गुरुजी मफलर गुंडाळून सगळ्यांच्या मागं बसले.

सामना सुरू झाला. रेडिओवाला म्हणाला, "श्रोतेहो, श्वास रोखून ऐका." म्हादबानं श्वास रोखला. तो जांभळा पडायला लागला तेव्हा सगुणानं पाठीत धपाटा घालून त्याला श्वास घ्यायला लावला. मग रेडिओवाला म्हणाला, वैजयंतानं दुसरा बेस चोरला. गावानं टाळ्या वाजवल्या. म्हादबा मात्र शरमेनं अर्धा झाला. तो उठून गावाला हात जोडून म्हणाला, पोरगी तशी न्हाई, परत द्यायला सांगतो. गुरुजींनी मागूनच ओरडून सांगितलं, की या खेळात चोरी करणाऱ्याची वाहवा करतात, म्हणजे नजर चुकवून पुढच्या कोपऱ्यावर पोचणाऱ्याची. म्हादबा खाली बसला.

शेवटचा डाव आला. दोन्ही संघ बरोबरीत. वैजू तिसऱ्या कोपऱ्यावर. पारापाशी कुणी पापणी हलवेना. रेडिओवाल्याचा आवाज चढला.

"चेंडू निसटला. वैजयंता निघाली. वैजयंता घराकडे धावत सुटली आहे. समोर पंजाबची खेळाडू घर अडवून उभी आहे. कुणीतरी सांगा हो, वैजयंताला घरात शिरायला मिळेल का?"

म्हादबाचा हात खिशाकडं गेला. किल्ली खिशातच होती. लेक पंजाबातनं धावत आली आहे, दाराला कुलूप आहे, दारात पंजाबची बाई आडवी उभी आहे, आणि रेडिओवाला कुणीतरी सांगा म्हणतो आहे. सांगेल ते ऐकायचं होतं.

"मिळंल, मिळंल," म्हादबा म्हणाला आणि धूम पळत सुटला. "वैजू घरी आली, कुणीतरी वाट अडवलीया."

वैजूची वाट अडवली म्हटल्यावर गाव कसलं बसतंय. कुणी काठी उचलली, कुणी पायतण. सगळं गाव म्हादबाच्या मागं पळालं. गावाला थांबवायला सगुणा पळाली आणि सगुणाला सावरायला गुरुजी पळाले. वैजू कशी घसरली, बोटांनी घर कसं शिवलं, महाराष्ट्र एका धावेनं कसा जिंकला आणि पोरींनी तिला कशी खांद्यावर घेतली, हे सगळं कर्ण्यानं अगदी जीव तोडून सांगितलं. पारापाशी ते ऐकायला एक म्हैस होती. तिनं शेवटपर्यंत ऐकलं.

इकडं म्हादबा दार सताड उघडून उंबऱ्यात उभा होता. तासाभरानं वैजूचा फोन आला.

"आबा, ऐकलं का?"

म्हादबानं रस्त्याकडं मान लांब केली. "तू घरी निघालीस तितपतूर ऐकलं बाळा. मग दार उघडाय आलो. तू कुठं हाईस?"

वैजू म्हणाली, येते परवा, आणि तिनं फोन ठेवला. सगुणानं डोळ्यांना पदर लावला आणि नवऱ्याला समोर बसवून एकेक शब्द सुटा करून सांगितलं.

"ध्यान देऊन ऐका. 'वैजू घरी आली' असं कानावर पडलं, की जागचं हलायचं न्हाई. बसल्या जागी टाळ्या वाजवायच्या आन् शेवटपतूर ऐकायचं. दार उघडाय पळायचं न्हाई."

"दार उघडाय पळायचं न्हाई," म्हादबा म्हणाला. "आता मेलो तरी इसरायचो न्हाई."

तिसऱ्या दिवशी सकाळी वैजू एसटीनं आली. सगुणा आणि सगळं गाव ताशा घेऊन फाट्यावर गेलं. म्हादबाला घरीच ठेवलं, आंघोळीचं पाणी तापवायला. शेळी आत शिरून भाकरी खाते म्हणून सगुणानं दाराला आतून कडी लावायला सांगितली होती. त्यानं ती लावली होती.

मिरवणूक घराजवळ आली, तशी वैजू सगळ्यांना मागं टाकून पळतच दारापाशी गेली. गळ्यात पदक, हातात चषक.

"आबा, मी घरी आले."

आतून टाळ्या वाजल्या.

"आबा, दार उघडा ना."

आतून आणखी जोरात टाळ्या. सगुणानं दारावर थापा मारल्या, अवो उघडा म्हणून ओरडली. आतून म्हादबा म्हणाला, "आता न्हाई फसायचो. मागल्या बारीला दार उघडाय आलो आन् सगळा सामना हुकला."

ताशा थांबला. गाव अंगणात उभं राहिलं. पाव तास गेला. आत टाळ्या काही थांबेनात. शेवटी राज्याच्या संघातली ती पोरगी, पदक दातात धरून, भट्टीमागच्या भिंतीवर चढली आणि परसात उडी टाकून मागच्या दारानं आपल्याच घरात शिरली.

म्हादबा बंद दाराकडं तोंड करून मांडी घालून बसला होता. टाळ्या वाजवून तळवे लाल झाले होते आणि डोळ्यांतलं पाणी हनुवटीवरून टपटप गळत होतं. वैजू जवळ आली, त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाली, "आबा."

म्हादबानं मान न वळवता तिचा हात धरला आणि तिला शेजारी बसवलं.

"गप बस हितं," तो हळूच म्हणाला. "वैजू घरी आलीया. आज तरी मला शेवटपतूर ऐकू दे."