चिमटीतला पारा

एकदा न्यायशास्त्र शिकवणारे एक वृद्ध नैयायिक, शास्त्रीबुवा, त्यांच्याहून वृद्ध अशा एका डॉक्टरांकडे शिष्य होऊन गेले. महिना माघ होता की फाल्गुन, याची त्यांना आता खात्री देता येत नाही. बोटे गार पडली होती, एवढे मात्र पक्के आठवते.

रक्तदाब थोडासाच वाढला होता, एकशे शेहेचाळीस. पण शास्त्रीबुवांचे वडील शिकवता शिकवताच कोसळले होते. आकडा कळल्यापासून बुवांनी सकाळचा पाठ बंद केला. पाच विद्यार्थी रोज दारातून परत जात.

"गोळी लागलीच तर देईन, त्यात कमीपणा नाही," डॉक्टर म्हणाले. "आधी तीन महिने हे करून पाहू." त्यांनी काचेची एक तापमापक नळी पुढे केली. "टोक चिमटीत धरा. आकडा सोडा, पारा कुठे चाललाय तेवढं बघा. तो वर चढला पाहिजे."

"रक्तदाबाचा आणि बोटांच्या उबेचा संबंध काय?"

डॉक्टर मटार सोलू लागले.

बुवांनी दात आवळून पाऱ्यावर नजर रोखली. पारा एकोणतीसवरून अठ्ठावीसवर आला. घरी जाऊन त्यांनी श्वासावरचे तीन ग्रंथ वाचले, टिपणे काढली. पारा सत्तावीस. चौथ्या खेपेला त्यांनी कोपऱ्यावरच्या टपरीत गरम चहाचा पेला दोन्ही हातांत धरून ठेवला आणि मगच आत शिरले. पारा चौतिसावर गेला आणि डोळ्यांदेखत घसरला.

"काय बुवा, परीक्षेत कॉपी?"

बुवा ओशाळले. "डॉक्टर, मला नाही जमायचं हे. आजवर सगळं बुद्धीनं जमलं."

"मग मटार तरी सोला." डॉक्टरांनी नळी त्यांच्या करंगळीला दोऱ्याने बांधली. "नव्या मुलांना पहिल्या दिवशी काय शिकवता हो तुम्ही?"

बुवा सांगू लागले: डोंगरावर धूर दिसतो, अग्नी दिसत नाही, तरी तो आहे हे कसे जाणायचे. मुले कोणत्या शंका काढतात, एकीने तर डोंगरच नाकारला होता. सांगता सांगता ते हसले. परात भरली.

"आता बघा."

पारा तेहतिसावर होता.

"काय केलंत?"

"काहीच नाही."

"तुमच्याच भाषेत सांगतो," डॉक्टर म्हणाले. "पारा हा धूर. मन धास्तावलं की रक्तवाहिन्या आवळतात, बोटं गार पडतात, दाब चढतो. तुम्ही धुराशीच झटत होता. चहाच्या पेल्यानं तर अग्नीवाचून धूर काढलात! वाहिन्या हुकूम ऐकत नाहीत, बुवा. पण त्या सैल झाल्यावर कसं वाटतं ते ओळखता येतं, आणि ओळखीच्या वाटेनं पुन्हा जाता येतं. तुमचे खांदे आत्ता कुठे आहेत?"

खांदे खाली आले होते. कित्येक वर्षांनी.

वैशाखात दाब एकशे बत्तिसावर आला. दुसऱ्या सकाळी पाचही विद्यार्थी आत बसले. डॉक्टरांनी नळी परत घेतली नाही. पुढे डॉक्टर गेले, तरी पाठापूर्वी थोडा वेळ ती चिमटीत धरण्याचा बुवांचा नेम राहिला; धरताना ते ती आधी कपाळाला लावत.

बऱ्याच वर्षांनी एका विद्यार्थ्याच्या प्रयोगशाळेत त्यांनी ती तपासून घेतली. नळी दोन अंशांनी चुकत होती. दुसऱ्या सकाळी बुवांनी ती नेहमीसारखीच कपाळाला लावून चिमटीत धरली; आकडा त्यांनी केव्हाच सोडला होता.